धांड्याच्या गाडीचा खटला

आमच्या लहानपणी मोठ्या माणसांना वेळ नव्हता. आमच्या पिढीचं बालपण फार मोकळं होतं, असं हल्ली सभांमधून सांगितलं जातं, आणि सांगणाऱ्याने स्वतःच्या नातवाला बहुधा फाटकाबाहेर सोडलेलं नसतं. त्या मोकळेपणामागे कुणाचा काही थोर विचार होता, असा गैरसमज होऊ नये म्हणून हे आधीच सांगतो. बाप शेतात, आई शेतात नाहीतर चुलीशी, आजा बाजेवर. पोर सकाळी भाकरी खाऊन बाहेर पडलं आणि दिवेलागणीला परत आलं की झालं. मधल्या वेळात ते काय करतं, हे विचारायला कोणी रिकामं नव्हतं. याला स्वातंत्र्य म्हणायचं असेल तर म्हणावं. आम्ही त्याला काहीच म्हणत नव्हतो, कारण आपल्याजवळ असं काही आहे हेच आम्हाला ठाऊक नव्हतं. ते कळलं आमच्या गावात एक रिकामा माणूस राहायला आला तेव्हा.

त्यांना सगळे पेशकारसाहेब म्हणत. तालुक्याच्या मुन्सिफ कोर्टात तीस वर्षं पेशकारी करून ते निवृत्त झाले होते आणि बायकोच्या माहेरचं म्हणून आमच्या गावात दोन खोल्या बांधून राहिले होते. निजामाचं राज्य होतं, कोर्टाचं सगळं काम उर्दूत चाले, आणि गावात उर्दू वाचता येणारी माणसं दोनच. एक माझे वडील, कारण ते पटवारी होते, दुसरे पेशकार. त्यामुळे आमची ओसरी ही आपल्या बरोबरीच्या माणसाची ओसरी, असं पेशकारांनी परस्पर ठरवून टाकलं होतं. वडिलांचं मत त्यांनी विचारलं नाही.

पेशकार म्हणजे न्यायाधीश नव्हे. हे नीट समजून घेतलं पाहिजे, कारण पेशकारांनी ते कधी समजून घेतलं नाही. मुन्सिफाच्या खुर्चीच्या डाव्या बाजूला, जरा खाली, त्यांचं मेज असे. त्यावर खटल्यांच्या मिसली, म्हणजे कागदांचे गठ्ठे, रचलेल्या. एक मिसल उचलून साहेबापुढे ठेवायची, साहेबाने मान हलवली की तिच्यावर पुढची तारीख घालायची, आणि ती खाली हात जोडून उभ्या असलेल्या माणसाला ऐकवायची, एवढं त्यांचं काम. तीस वर्षं त्यांनी माणसांना तारखा ऐकवल्या. ऐकवणारा माणूस उंचावर बसलेला असतो आणि ऐकणारा खाली उभा असतो. तीस वर्षांत एखाद्याचा गैरसमज व्हायला एवढं पुरे आहे.

वैशाखातही ते काळी शेरवानी घालत, गळ्यापर्यंत सगळी बटणं लावून. डोक्यावर तांबडी रुमी टोपी. शेरवानीखाली मात्र धोतर, कारण त्यांच्या बायकोला, म्हणजे आमच्या काकूंना, धोतर धुणं सोपं जाई. समोरून बघितलं तर हैदराबाद आणि मागून बघितलं तर आमचंच गाव, असा तो देखावा होता. कोणी काहीही सांगितलं, कापूस लागला, म्हैस व्याली, अमक्याला मुलगा झाला, की त्यांचं उत्तर एकच असे. "बराबर है, पण कागद?" मुलगा झालेल्या माणसाने कागद कुठून आणायचा, हे त्यांनी सांगितलं नाही. तो बिचारा पेढा पुढे धरून उभा राही आणि पेशकार तो पेढा कागदाशिवायच खात.

जेवतानाही काकूंनी ताटात काय वाढणार ते एकेक करून आधी सांगायचं आणि त्यांनी "पुढं" म्हणायचं, असा शिरस्ता होता. भाकरीच्या आधी वरण पुढे आलं तर वाटी परत जाई. काकू अंगाने लहान, हाताने भराभर काम करणाऱ्या. एकदा त्या आईला म्हणाल्या, "यांच्या पानात वांगं पडतं ना, ते नंबर लागल्यावरच पडतं. तोवर गार झालेलं ऱ्हातं." मग त्याच हसल्या. त्या घरात हसणाऱ्या त्या एकट्याच होत्या, आणि त्याही आमच्या घरी येऊन हसत.

शेजारचं कुत्रं एकदा त्यांच्या टोपीवर भुंकल्याबद्दल त्यांनी पोलीस पाटलाला चार पानी दरखास्त दिली. पाटलाला उर्दू येत नव्हतं. तो कागद घेऊन वडिलांकडे आला, मागोमाग ते कुत्रंही आलं. वडिलांनी चारही पानं वाचून मराठीत सांगितली. कुत्रं उंबऱ्यापाशी बसून ऐकत होतं.

"मंग आता करायचं काय?" पाटलाने विचारलं.

"तारीख द्या," वडील म्हणाले.

पाटलाने खरंच तारीख दिली, पेशकार समाधानाने घरी गेले, आणि पुढे वर्षभर त्या कुत्र्याची पेशी, म्हणजे सुनावणी, चालू राहिली. मग ते मेलं. आपल्यामुळे गावात कायद्याचा वचक बसला, असं पेशकार सांगत.

इथवर ठीक होतं. ज्याला आपलं हसू होतं हे कळत नाही, अशा माणसाला गाव सांभाळून घेतं. पण मोठ्यांकडे त्यांच्यासाठी फार वेळ नव्हता, आणि त्यांच्याकडे वेळच वेळ होता. तो त्यांनी आमच्यावर घातला.

ओढ्यापलीकडे चिंचेची तीन झाडं होती आणि त्यांच्याखाली आम्हा पोरांचं वेगळं गाव होतं. त्याला आम्ही पल्याड म्हणायचो. तिथे वाळूची घरं होती, दगडाचं देऊळ होतं आणि आठवड्याला बदलणारा पाटील होता, कारण पाटील व्हायची सगळ्यांनाच हौस. सर्जा नावाचा एक बैल होता. सर्जा म्हणजे दोन्ही हातांनी उचलावा लागेल एवढा तांबडा धोंडा. एका पावसाळ्यात ओढ्याच्या लोंढ्यात तो वाहून गेला, तेव्हा आम्ही अर्धा दिवस कोणी काही खाल्लं नव्हतं. घरच्यांना वाटलं, पोटं बिघडली. आम्ही सांगितलं नाही. सांगण्यासारखं काही आहे असंही आम्हाला वाटलं नाही. बैल मेला होता आणि आम्हाला दुःख झालं होतं.

पल्याडला कोर्टही होतं आणि त्याचा मुन्सिफ मी होतो. माझी लायकी एवढीच की वडिलांबरोबर एकदा तालुक्याला जाऊन मी खरं कोर्ट पाहिलं होतं. तिथला मुन्सिफ पान खात होता म्हणून मी गालात चिंचेचा कोवळा पाला धरून बसायचो. आमच्या कोर्टाचा कायदा एकच. गुरं घरी परतायच्या आत फैसला झाला पाहिजे. कारण अर्धी पोरं गुराखी, त्यांना निघावं लागे. शिक्षा म्हणजे समोरच्या फांदीवरचा कावळा उडेपर्यंत एका पायावर उभं राहायचं. कावळा लवकर उडाला तर ती देवाची मर्जी. अपील नव्हतं. एकदा फैसला झाला की दुसऱ्या दिवशी भांडण काय होतं हेही कुणाला आठवत नसे, आणि मला आजही वाटतं की न्यायाचा याहून मोठा उपयोग नाही.

ज्या वर्षाची ही गोष्ट, त्या वर्षी कौशीचं लग्न ठरलं. कौशी माझ्याहून वर्षाने मोठी, म्हणजे दहाची. तिच्या वडिलांचं खळं ओढ्याला लागून होतं. पल्याडचं निम्मं गाव तिने वसवलेलं, देवळातला देवही तिने निवडलेला. सासर धावड्याचं. आमचं गाव अंबडच्या बाजूला, धावडा भोकरदनच्याही पुढे. बैलगाडीने दोन दिवस. तिकडे गेलेली पोर पुन्हा चिंचेखाली येणार नाही, हे आम्हा सगळ्यांना न सांगता कळलं होतं. कौशीलाही कळलं होतं. म्हणून तिने एक गोष्ट ठरवली. आपलं लग्न लागायच्या आत आपल्या बाहुलीचं लग्न लागलं पाहिजे.

"माझ्या लग्नात मला कोण विचारून ऱ्हायलंय," ती म्हणाली होती. "बाहुलीचं तरी मी लावीन, माझ्या मनासारखं."

नवरदेव दगडूचा बाहुला. दगडू कुणब्याचा पोरगा, बोलायला कमी, हाताने हुशार. वरातीसाठी त्याने आणि कौशीने मिळून ज्वारीच्या धांड्याची दमणी केली. ज्यांनी अशी गाडी पाहिली नसेल त्यांच्यासाठी सांगतो. ज्वारीची कापणी झाली की ओलसर धांडं घ्यायचं, त्याची साल सोलायची, आतल्या पांढऱ्या भेंडाचे तुकडे करायचे, आणि सालीच्या कामट्या व बाभळीचे काटे घालून ते जोडायचे. सगळी पोरं अशा गाड्या करत, पण त्या दोघांची गाडी वेगळी होती. तिला छत होतं, जू होतं, आरे असलेली चाकं होती, आणि ती चाकं फिरत. बारा दिवस लागले होते. तशी गाडी मी नंतर कधी पाहिली नाही, प्रदर्शनात बक्षीस मिळालेलीसुद्धा.

भांडण झालं ते यावरून, की लग्नानंतर गाडी कुणाकडे राहणार. दगडूला ती घरी ठेवायची होती. कौशीला ती धावड्याला न्यायची होती. खटला माझ्यापुढे आला. सकाळची वेळ, सगळं गाव चिंचेखाली जमलेलं.

"म्या केली गाडी," दगडू म्हणाला. "तिनं निस्ते काटे येचले."

"धांडं कुणाच्या खळ्यातलं?" कौशी म्हणाली. "अन् चाकं कोणी गोल केली? तुला येतं का गोल? तुझं चाक म्हंजे वांगं."

सगळे हसले, दगडूही हसला. फैसला माझ्या जिभेवर आला होता. मी गालातला पाला थुंकला, मुन्सिफ थुंकत असे तसा, आणि तोंड उघडणार एवढ्यात निरगुडीच्या झुडपामागून आवाज आला.

"ठैरो."

पेशकार सकाळी ओढ्यावर येत. प्रत्येकजण येई. हातात तांब्या, कानाला जानवं, अंगात शेरवानी नाही पण डोक्यावर टोपी आहे, अशा अवस्थेत ते झुडपामागून बाहेर आले आणि आमच्यामध्ये येऊन उभे राहिले. आम्ही कोर्टाची थट्टा करतो म्हणून ते रागावतील, असं मला वाटलं. ते त्यासाठी रागावलेच नाहीत. आम्ही कोर्ट चुकीचं चालवतो म्हणून ते रागावले होते.

"मुन्सिफ कौन?"

मी उभा राहिलो.

"मुन्सिफ उठत न्हाई. बैठो." मी बसलो. "माझ्यासमोर बसतोस? उठ." मी उठलो. "मिसल कुठंय?"

"न्हाई."

"यांचे जबाब कोण लिहून ऱ्हायलंय?"

"कोणीच न्हाई."

"मंग हे ऐकलं कोणी?"

"आम्ही सगळ्यांनी," कौशी म्हणाली.

पेशकारांनी तिच्याकडे पाहिलं. त्यांच्या तीस वर्षांत अशी साक्ष कधी झाली नसावी. "बराबर है," ते म्हणाले, "पण कागद?"

मग तांब्या खाली ठेवून त्यांनी आम्हाला अर्धा तास समजावलं. फिर्याद लेखी असते. तिला नंबर पडतो. समोरच्याला समन्स जातो. आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे, ज्या वस्तूवर भांडण आहे ती वस्तू कोर्टाच्या ताब्यात राहते. असं म्हणून त्यांनी गाडी उचलली. एका हातात तांब्या आणि दुसऱ्या काखेत धांड्याची दमणी, अशी ती स्वारी ओढ्यातून गावाकडे गेली. दर पावलाला चाकं थोडी थोडी फिरत होती.

पुढच्या सोमवारी त्यांच्या ओसरीवर पहिली पेशी झाली. हे सांगताना मला लाज वाटते, पण आम्हाला ते आवडलं. मेज होतं, मेजावर हिरवं फडकं होतं, दौत होती. गाडी एका पेटीत ठेवून पेटीला कुलूप लावलेलं. आणि मला त्यांनी चपराशी केलं. मुन्सिफाचा चपराशी झालो याचं वाईट वाटायला हवं होतं. पण त्यांनी माझ्या खांद्यावरून एक लाल पट्टा घातला, खऱ्या कोर्टातला, पितळी बिल्ला असलेला. नोकरी सुटताना तो आठवण म्हणून मागून आणला, असं ते सांगत. त्या मागणीचा कागद मात्र त्यांनी कधी दाखवला नाही. पट्टा मला गुडघ्यापर्यंत येत होता. मी तो घालून गावातून दोन चकरा मारल्या. आपण आधी कोण होतो, याची मला दिवसभर आठवण झाली नाही.

पहिल्या पेशीला कौशीची फिर्याद लिहिली गेली आणि तारीख पडली. दुसऱ्या पेशीला दगडूचे साक्षीदार गुरांमागे गेले होते, तारीख पडली. तिसऱ्या पेशीला कौशी आणि दगडू हातात हात धरूनच आले. त्यांचं मिटलं होतं. लग्नानंतर गाडी कौशीने न्यावी, दगडूचं काही म्हणणं नव्हतं.

"आमचं भांडण न्हाई आता," कौशी म्हणाली. "गाडी द्या. अक्षय तृतीयेला बाहुलीचं लगीन हाये."

पेशकारांनी चष्मा काढला, पुसला आणि परत लावला. तडजोड करता येते, ते म्हणाले, पण तिचा कागद करावा लागतो, आणि तुम्ही दोघं नाबालिग, तेव्हा त्यावर तुमच्या पालकांचे अंगठे हवेत. भांडायला वयाची अट नव्हती. भांडण मिटवायला होती.

कौशीचा बाप लग्नाच्या धावपळीत. त्याने अंगठा दिला नाही, आणि का द्यावा? सरकारी माणसाच्या कागदावर अंगठा देऊन कोणाचं भलं झालेलं त्याने पाहिलं नव्हतं. "चिपाडाची गाडी ती," तो म्हणाला, "दुसरी करा की." तिच्या आईने सांगितलं, वेळ न्हाई. दगडूने दुसरी करायला घेतली होती. पण उन्हाळा चढला होता, गंजीतलं धांडं वाळून कडक झालं होतं, काटा घातला की उभं चिरत होतं. त्याने दोन गाड्या मोडल्या आणि नाद सोडला. अशा वस्तूचा एक हंगाम असतो. पेशकारांच्या तारखांना हंगाम नव्हता.

मी वडिलांना सांगून पाहिलं. ते जमिनीचा नकाशा काढत बसले होते. "तो फैसला देणार न्हाई," ते मान वर न करता म्हणाले. मी विचारलं, का? "येत न्हाई त्याला. तीस वर्षं दुसऱ्याने दिलेला ऐकला. तारीख देता येते, ती देतो." मग त्यांनी मला दौत सरकवायला सांगितली. आपण जाऊन पेशकारांना चार शब्द सुनवावेत, असं त्यांच्या मनात आलं नाही. मी आधीच सांगितलं, मोठ्यांना वेळ नव्हता. तो गुण वाटतो तितका निर्मळ नव्हता.

अक्षय तृतीया गेली. पल्याडचं कोर्ट बंद पडलं, कारण मामला वरच्या कोर्टात असताना खाली बसता येत नाही, असं पेशकारांनी मला बजावलं होतं आणि मी ते सगळ्यांना बजावलं होतं. भांडणं होत, पण मिटत नसत. पोरं एकमेकांना "तुझ्यावर दरखास्त टाकीन" म्हणू लागली. वाळूची घरं ढासळली, ती कोणी पुन्हा बांधली नाहीत. कौशी बाहुलीला हळद लावून बसली होती. रोज विचारी, "कधी सुटंल रे?" मी सांगे, "तारीख हाये." तिचं लग्न ज्येष्ठात होतं. ती दिवस मोजत होती, उलटे.

पाचवी तारीख पेशकारांनी घातली ती नेमकी कौशीच्या लग्नाच्या दिवशी. मी त्यांना सांगितलं की त्या दिवशी तिचं लगीन आहे. "कोर्टाला त्याची इत्तला न्हाई," ते म्हणाले. स्वतःला लग्नाचं आमंत्रण होतं, अक्षता लागलेली सुपारी समोरच्या कोनाड्यात ठेवलेली मला दिसत होती. पण ती पेशकारांना आली होती, कोर्टाला नाही.

त्या दिवशी दहाच्या सुमाराला ते मेजामागे बसले. दगडू एका बाजूला उभा. कौशीच्या घरून ताशा ऐकू येत होता, मांडव चार घरांपलीकडेच होता. पेशकारांनी मिसल उघडली आणि मला खूण केली. मी ओसरीच्या कडेला गेलो, पट्टा सारखा केला आणि ओरडलो, कौसल्या हाजिर है? त्यांनी बोट वर केलं. मी दुसऱ्यांदा ओरडलो. मग तिसऱ्यांदा. ताशा वाजत होता. रस्त्याने वऱ्हाडातली दोन माणसं चालली होती, ती थांबून बघू लागली आणि हसली. पेशकारांनी बोरू दौतीत बुडवला, झटकला आणि लिहिलं, फिर्यादी गैरहाजिर. मग वाळू टाकून शाई वाळवली, पेटीचं कुलूप ओढून पाहिलं, शेरवानीचं वरचं बटण लावलं आणि फिर्यादीच्या लग्नाला जेवायला गेले. जिलबीची दुसरी वाढ त्यांनी मागून घेतली, हे मी पाहिलं.

मीही गेलो होतो. पट्टा काढायचं सुचलं नाही. खरं म्हणजे, काढावासा वाटला नाही. कौशी पाटावर बसली होती. पिवळं लुगडं तिच्यापेक्षा मोठं होतं, आत कुठेतरी ती होती. मी जवळून गेलो तेव्हा तिने मुंडावळ्या बाजूला केल्या.

"सुटली का?"

"पुढची तारीख पडली," मी म्हणालो.

तिने मुंडावळ्या सोडल्या. दुसऱ्या दिवशी पहाटे त्यांच्या गाड्या निघाल्या. बाहुली तिने नेली की नाही, मला माहीत नाही. मी विचारलं नाही.

पेशकार त्यानंतर बरीच वर्षं जगले. त्यांची शेवटची वर्षं वाईट गेली असं म्हणतात, पण त्यात वाईट काय होतं हे मला नीट सांगता येणार नाही. राज्य गेलं, कोर्टाची भाषा गेली, रुमी टोपी घालून बाहेर पडण्याचे दिवस गेले. ते ओसरीवर बसून असत. रस्त्याने जाणाऱ्याला हाक मारून विचारत, कोणता मामला? मामला नसे. लोक रामराम घालून पुढे जात. मुलं पुन्हा चिंचेखाली खेळू लागली होती, पण ती दुसरी मुलं होती आणि त्यांच्या गावाचं नावही दुसरं होतं. पेशकार तिकडे फिरकले नाहीत. त्यांना आता ओढ्यापर्यंत चालवत नव्हतं, त्यामुळे ती मुलं वाचली.

ते गेल्यावर काकूंनी मला बोलावलं. मला वडिलांमुळे उर्दू येत होतं, आणि मी तोवर सरकारी कचेरीत कारकून झालो होतो. पट्ट्याची सवय लागलेल्या पोराने दुसरं काय व्हायचं? कागद वाचून कामाचे तेवढे ठेवायला त्या म्हणाल्या. कामाचं काही नव्हतं. मग ती पेटी उघडली. वर मिसल होती, लाल फितीत बांधलेली, एकाही पानाला कसर लागलेली नाही. अक्षर मोत्यासारखं. त्यांचं अक्षर सुंदर होतं, एवढं मी त्यांच्याबद्दल चांगलं बोलू शकतो. प्रत्येक पेशी, प्रत्येक तारीख. कौशीच्या लग्नानंतरच्याही तारखा होत्या, कितीतरी. कोणी येत नव्हतं तरी ते घालत राहिले होते. शेवटच्या पानावर मथळा होता, फैसला. त्याखाली ओळी आखलेल्या होत्या आणि ओळींवर काही नव्हतं. बरेचदा लिहायला बसले असावेत; कोपऱ्यात बोरू टेकवल्याचे ठिपके होते.

मिसलीखाली गाडी नव्हती. पिवळट भुगा होता, किड्यांनी केलेला, ओंजळभर. मी बोट फिरवलं तर टोचलं. बाभळीचे काटे तेवढे शाबूत होते.

"काय व्हतं रे ते?" काकूंनी विचारलं. मी सांगितलं, मुद्देमाल. त्यांनी पेटी अंगणात उपडी केली आणि धान्य ठेवायला घरात नेली.

पुढे बऱ्याच वर्षांनी कचेरीच्या कामाने मला धावड्याला जावं लागलं. कौशीचं घर शोधायला वेळ लागला नाही. ती ओट्यावर शेंगा फोडत बसली होती, केस पांढरे, हात तसेच भराभर चालणारे. तिने मला ओळखलं, चहा टाकायला सांगितलं, गावातलं कोण आहे कोण गेलं विचारलं. पेशकार गेल्याचं मी सांगितलं, पेटीचं सांगितलं. भुग्याचं ऐकून ती हसली. काट्यांचं सांगितल्यावर म्हणाली, "माझे व्हते ते. दगड्याला सांग." दगडूही गेला होता. ते मी तिला सांगितलं.

अंगणात तिची नातवंडं कशावरून तरी भांडत होती. तिने तिकडे मान वळवून पाहिलंसुद्धा नाही.

"ए," ती म्हणाली, "त्या दिशी चिंचंखाली तू तोंड उघडलं व्हतं. काय सांगणार व्हतास?"

चाळीस वर्षांत मला ते कोणी विचारलं नव्हतं. पण मी विसरलो नव्हतो. मी सांगितलं, गाडी कौशीची. दगडूने त्याच्यासाठी दुसरी करावी, आणि तिची चाकं कौशीने गोल करून द्यावीत. धांडं ओलं आहे तोवर.

तिने सुपातल्या शेंगा एका बाजूला केल्या. फोलं फुंकून टाकली.

"बराबर व्हतं की," ती म्हणाली. "पेशकार तर पेशकारच व्हता. तुला काय झाल्तं?"